आच बंद केल्यावर

४ जुलैच्या सुमाराला अमेरिकेतल्या लुइझियानात क्रॉफिश (गोड्या पाण्यातलं, लॉबस्टरसारखं दिसणारं छोटं कवचाचं जनावर) मागितली, की दुकानदार आपल्याकडे कालच विमानातून उतरलेला पाहुणा म्हणून बघतो. क्रॉफिशचा हंगाम साधारण जानेवारीत सुरू होतो, मार्च-एप्रिलमध्ये भरात येतो आणि जून सरेपर्यंत कवचं अशी कडक होतात की सोलून सोलून नखं दुखतात. त्यामुळे २०२५च्या ४ जुलैला, अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनाच्या शुक्रवारच्या सुट्टीत, आमच्या लाफायेतच्या घरामागच्या अंगणात जमायचं ठरलं तेव्हा मेनू ऋतूनेच ठरवून टाकला होता. बॉइल, म्हणजे सगळं एका मोठ्या भांड्यात मसाल्याच्या पाण्यात उकडून एकत्र बसून खायचं जेवण, होणार, पण निळ्या खेकड्यांचा आणि कोळंबीचा.

इथल्या क्रॉफिशचं गणित भाताशी बांधलेलं आहे. क्रोलीच्या बाजूला गाडीने गेलं की दोन्हीकडे भातखाचरं लागतात. उन्हाळ्यात भात घ्यायचा, कापणीनंतर शरद ऋतूत त्याच खाचरांत पुन्हा पाणी सोडायचं, की बिळांत दडलेल्या क्रॉफिश पिलांसह बाहेर पडतात आणि भाताच्या खुंटांवर पोसतात. माझं माहेर अलिबागकडचं. पहिल्या पावसात कंदील घेऊन शेतात मुठे खेकडे पकडायला जाणारी माणसं मी लहानपणी पाहिली आहेत, त्यामुळे खाचरातून जेवण येतं याचं मला नवल वाटलं नाही; त्यासाठी मुद्दाम वेळापत्रक आखून शेत भरतात याचं वाटलं. हे गणित पाण्यावर चालतं आणि पाण्यावरच बिघडतं. २०२३च्या दुष्काळाने बिळं कोरडी पडली आणि २०२४चा हंगाम इतका बुडाला की राज्यपालांना आपत्ती जाहीर करावी लागली.

बॉइल हा इथे पुरुषांचा प्रांत आहे. घरात कधी चहासुद्धा न करणारे बाप्ये अंगणात भलं मोठं भांडं चढवून, हातात वल्ह्याएवढा चाटू घेऊन उभे राहतात आणि कुणाला जवळ येऊ देत नाहीत. आमच्या शेजारचे काका त्यातलेच. इथल्या रीतीप्रमाणे मी त्यांना 'मिस्टर' आणि पुढे पहिलं नाव लावून हाक मारते, पण इथे लिहिताना काकाच म्हणते. ते मला 'शा' म्हणतात, म्हणजे 'बाळा, पोरी' असं काहीसं. त्या उन्हाळ्यात त्यांच्या खांद्याची शस्त्रक्रिया झाली होती, चाटू उचलणं शक्य नव्हतं. म्हणून ते खुर्ची टाकून बसणार, तोंडाने सांगणार, आणि हात माझे. नवऱ्याला गॅसच्या टाकीपाशी नेमलं होतं.

खरेदीला डेलकमला गेलो. आमच्यापासून अर्ध्या तासाच्या अंतरावरचं, कालव्याकाठचं कोळंबीचं बंदर. २००५च्या रिटा वादळात समुद्राचं पाणी गावात घुसलं होतं. तेव्हापासून बरीच घरं खांबांवर उचललेली आहेत. काही बोटवाले थेट धक्क्यावरच माल विकतात. तपकिरी कोळंबीचा मे महिन्यात सुरू झालेला हंगाम उतरणीला लागला होता. पांढरी कोळंबी ऑगस्टमध्ये. तपकिरीला जरा उग्र, आयोडीनची चव असते. काहींना ती चालत नाही, मला उलट तीच घरची वाटते. पौंडात किती बसतात यावर आकार ठरतो, आणि बॉइलसाठी सोळा ते वीसची, डोक्यासकट घ्यायची. डोकं काढलेली घेऊ नये. सगळा रस डोक्यात असतो.

आमच्या नेहमीच्या दुकानातल्या फ्रीजरमध्ये स्वच्छ सोललेली, अर्ध्या वेळेत शिजणारी कोळंबी असते आणि तिच्या पिशवीवर 'प्रॉडक्ट ऑफ इंडिया' लिहिलेलं असतं. अमेरिकेत बाहेरून येणाऱ्या कोळंबीत भारताचा वाटा सगळ्यात मोठा आहे, त्यातली बरीचशी आंध्रातल्या तळ्यांमधली. स्वस्त आयात मालापुढे इथल्या बोटवाल्यांना भाव मिळत नाही. म्हणून २०१९ मध्ये लुइझियानाने कायदा केला, की हॉटेलात परदेशी कोळंबी किंवा क्रॉफिश वाढत असाल तर मेनूकार्डावर तसं लिहा. धक्क्यावर आमचा चेहरा बघून एका बोटवाल्याने हसत विचारलं, "तुमच्याकडचीच इथे येते ना?" नवरा म्हणाला, "आम्ही तर तुमचीच घ्यायला आलोय." वीस पौंड घेतली. भाव मात्र पैशाने कमी झाला नाही.

खेकडे चार डझन. इथे मला कुणी शिकवायची गरज नव्हती. पोटाचा पट्टा निमुळता तो नर, रुंद गोल ती मादी. बाहेर अंडी लोंबणारी मादी धरायला बंदी आहे, ती पाण्यात सोडावीच लागते. पोट पांढरंशुभ्र आणि दाबल्यावर दबणारं असेल तर खेकडा नुकताच कात टाकलेला, आत पाणीच जास्त. पोट मळकट, तांबूस डागांचं असेल तर तो बरेच दिवस त्याच कवचात खाऊन-पिऊन भरलेला. आमच्याकडे चिंबोरी अमावास्येला भरलेली आणि पुनवेला पोकळ, असा हिशेब. त्या हिशेबाने दिवस काही बरा नव्हता, पौर्णिमा आठवड्यावर आली होती. मी तिथी बाजूला ठेवली आणि पोटं दाबून निवडले.

आता मसाला. हा माझ्या दृष्टीने सगळ्यात रंगतदार भाग.

झॅटरेन्स ही १८८९ मध्ये न्यू ऑर्लिन्सला सुरू झालेली कंपनी. तिची जाळीच्या पिशवीतली पुडी उलटून घटक वाचले तर मोहरी, धणे, लाल मिरची, तमालपत्र, शेपूचं बी, ऑलस्पाइस. दोन-तीन सोडले तर माझ्या डब्यातलेच. (इथलं तमालपत्र वेगळ्या झाडाचं, आपल्यासारखं तीन शिरांचं नाही, आणि वासही निराळा.) पण या मसाल्याला तेल लागत नाही. भाजणं नाही, वाटण नाही, फोडणी नाही, कांदा लाल होईपर्यंत परतणं नाही. पुडी तशीच्या तशी उकळत्या पाण्यात टाकायची, सोबत मीठ-मिरचीची भुकटी, आणि वरून त्याच मसाल्यांच्या अर्काची बाटली. तेलाशिवाय मसाला फुलतोच कसा, हा प्रश्न मी इथे आले तेव्हापासून मनात धरून होते. उत्तर शेवटी मिठात आणि वेळात सापडलं.

दुपारी चारनंतर मांडामांड सुरू केली. त्याआधी शक्य नव्हतं. जुलैत इथे दुपारी हटकून गडगडाट होतो, पाऊस पडून जातो आणि मग जमिनीतून वाफ उठते. शेगडी लाकडी ओट्यावर किंवा छपराखाली ठेवत नाहीत. गवतात सपाट जागा बघून ठेवली. प्रोपेनच्या नळीच्या सांध्यांना साबणाचं पाणी लावून बुडबुडे येतात का बघितलं, मग पेटवली. या शेगडीचा आवाज विमानतळाजवळ राहणाऱ्यांना सवयीचा वाटेल. भांडं ॲल्युमिनियमचं, ऐंशी क्वार्टचं, म्हणजे पंचाहत्तर लिटरचं, आत भोकांची जाळी बसणारं. पाणी मात्र निम्म्याहून थोडं कमीच घालायचं, नाहीतर माल टाकल्यावर ते उतू जाऊन शेगडीवर येतं.

शेजारी दुसरी, छोटी शेगडी मांडली. तिच्यावर मराठी मंडळाचं पातेलं, गणपतीत साबुदाण्याच्या खिचडीला वापरतात ते. बॅटन रूजहून येणाऱ्या दोन घरांत मासे-मटण चालत नाही, आणि रविवारी, ६ जुलैला आषाढी होती, त्यामुळे एरवी खाणाऱ्या एक-दोघांनीही त्या आठवड्यापुरतं सोडलं होतं. शाकाहाऱ्यांना उरलेसुरले बटाटे वेचून द्यायचे, हे मला आवडत नाही. त्यांचं पाणी वेगळं, चाटू वेगळा, सॉसेजचा एक तुकडाही जवळ नाही. त्यात बटाटे, मका, फ्लॉवरचे मोठे तुरे, फरसबी, आर्टिचोक, अख्खे लसणाचे गड्डे आणि मश्रूम. मश्रूमबद्दल काकांनी खुर्चीतूनच बजावलं, "ते सगळ्यात शेवटी, नाहीतर कुणालातरी दवाखान्यात न्यावं लागेल." मश्रूम तिखट पाणी पोटभर पितात आणि चावल्यावर एकदम सोडतात.

मोठ्या भांड्यात पाणी तापताना डझनभर लिंबं अर्धी कापून पिळून सालांसकट, सोललेले कांदे, आडवे कापलेले लसणाचे गड्डे, मसाल्याच्या पिशव्या आणि भुकटीची जवळजवळ अख्खी बरणी. मग बाटलीतला अर्क. तो पडला त्या क्षणी वाऱ्याने दिशा बदलली आणि अंगणभर ठसका लागला. मिरचीचा ठेचा भाजताना घरात लागतो तोच, फक्त इथे पळायला खिडकी नव्हती. मुलं आनंदाने खोकत पळाली. काका जागेवरून हलले नाहीत. डोळे पुसत म्हणाले, "आता चाख."

चाखलं. खारट! आमटीत एवढं मीठ पडलं असतं तर घरात बोलणी खाल्ली असती. "अजून," काका म्हणाले. मी अजून घातलं. "शा, तू हे पाणी पिणार नाहीयेस. कवचापलीकडे जायचंय त्याला." समुद्राच्या पाण्याहून खारट लागेपर्यंत त्यांनी मला थांबू दिलं नाही. हात धजत नव्हता, हे खरं.

खेकड्यांना तोवर बर्फाच्या पाण्यात दहा-पंधरा मिनिटं ठेवलं होतं. त्याने ते सुस्तावतात. जिवंत, चवताळलेला खेकडा थेट उकळत्या पाण्यात टाकला तर डेंगे गाळतो, आणि डेंग्याशिवाय खेकडा म्हणजे अर्धा ऐवज गेला. जे अजिबात हलत नव्हते ते वेगळे काढून फेकले. हातात जाड मोजे घातले, कारण उन्हाळ्यात इथल्या मेक्सिकोच्या आखाताच्या कोमट पाण्यात व्हिब्रिओ जातीचे जंतू असतात आणि हाताला जखम असेल तर प्रकरण गंभीर होऊ शकतं. आमच्या आईने चिंबोऱ्या नुसत्या हाताने धरून, नांग्या मोडून, पाठ उघडून, स्वच्छ करूनच चुलीवर घातल्या असत्या. बारीक पाय ठेचून त्यांचा रस गाळून कालवणात. इथे खेकडा अख्खाच जातो. साफ करायचं काम खाणाऱ्याचं.

आधी छोटे लाल बटाटे, दहा-बारा मिनिटं. मग धुरावलेल्या सॉसेजचे तुकडे. मग खेकडे. ते पडले की उकळी मरते. ती परत येईपर्यंत झाकण, आणि आल्यावर दहा मिनिटं. एवढ्यात अंगणात वीसेक माणसं जमली होती, सगळ्यांना भूक लागली होती आणि कवचं टकटकीत केशरी झाली होती. कुणीही म्हणेल, झालं, काढा.

इथेच नवऱ्याने गॅस बंद केला, आणि काकांच्या मते स्वयंपाक सुरू झाला.

आच बंद करून त्यात गोठवलेल्या मक्याच्या कणसांचे तुकडे टाकले. मका शिजतो आणि पाण्याची धगही उतरते. बागेतल्या नळीने भांड्याच्या बाहेरच्या अंगावर पाणी मारलं. इथल्या जुन्या हातांचं म्हणणं असं, की उकळत असेपर्यंत कवचाखाली वाफ कोंडलेली असते, म्हणून माल वर तरंगतो आणि बाहेरचं पाणी आत येऊ देत नाही. तापमान उतरलं की वाफ बसते, खेकडे हळूहळू तळाला जातात आणि जाताना तिखट-खारट पाणी ओढून घेतात. बघताना तसंच दिसत होतं. पाच मिनिटांनी एक खेकडा फोडून चाखला तर मांस गोड, शिजलेलं आणि पार अळणी. बाहेर एवढं जहाल पाणी आणि आत काही नाही! दहा मिनिटांनी पाठीच्या कडेला मीठ लागलं. वीस मिनिटांनी डेंग्यापर्यंत तिखट पोचलं आणि बटाटा आतपर्यंत खारा झाला. पंचवीसला काकांनी मान हलवली. माझ्या स्वयंपाकात चव बांधली जाते ती आचेवर, परतताना, आटवताना. बॉइलमध्ये आच फक्त शिजवते. चव लोणच्यासारखी, बाजूला ठेवल्यावर मुरते. लोणच्याला महिना लागतो, याला अर्धा तास. पण भुकेल्या माणसांच्या गराड्यात अर्धा तास काहीही न करता भांड्याशेजारी उभं राहणं हे त्या दिवसाचं सगळ्यात अवघड काम होतं. आमच्यातल्या एका मित्राने दोनदा झाकण उचललं. तिसऱ्यांदा काकांनी काठी आडवी धरली.

या वेळात काकांनी कथा सांगितली. १७५५ पासून इंग्रजांनी त्यांच्या पूर्वजांना, अकेडियन लोकांना, कॅनडातल्या नोव्हा स्कोशियातून हाकललं. त्यातले कित्येक पुढे लुइझियानाच्या पाणथळीत आले आणि केजन झाले. तिकडच्या समुद्रातले लॉबस्टर म्हणे मायेने त्यांच्यामागे चालत निघाले, आणि एवढ्या लांबच्या प्रवासात झिजून झिजून क्रॉफिश झाले. सांगताना चेहरा गंभीर. मुलांनी विश्वास ठेवला, आणि एका मुलीने विचारलं, की मग खेकडे कुठून आले. काकांकडे उत्तर नव्हतं.

खेकड्यांची जाळी उपसून टेबलांवर ओतली. खाली वर्तमानपत्रांचे थर, ताटल्या नाहीत, चमचे नाहीत. ज्या खोक्यातून जिवंत खेकडे आणले त्यात शिजलेले पुन्हा ठेवायचे नाहीत, एवढा एक नियम मी सगळ्यांना ओरडून सांगितला. मग त्याच पाण्याला परत आच. त्यात मुठीने थोडी भुकटी आणि दोन लिंबं वाढवली आणि खळखळून उकळी आली तशी आच बंद करून कोळंबी घातली. आधी बंद, मग कोळंबी. या क्रमाबाबत काका कडक होते. चाटूने तळापासून हलवायचं, दोन-तीन मिनिटांत ती गुलाबी होऊन वळते, की लगेच बर्फाची पिशवी फोडून आत. नाहीतर ती गरम पाण्यात शिजतच राहते, कवच मांसाला चिकटतं आणि सोलताना निम्मी कोळंबी कवचाबरोबर जाते. थंड झालेल्या पाण्यात मात्र ती निवांत मुरू शकते. दुसरा घाणा पहिल्यापेक्षा तिखट निघतो, कारण सगळ्यांनी सोडलेलं सगळं त्याच पाण्यात असतं. आमच्या वीस पौंडांचा फडशा खेकड्यांच्या आधी पडला.

ह्यूस्टनहून आलेल्या जोडप्याने लोणी-लसणाचं भांडं काढलं तेव्हा मात्र वातावरण जरा तंग झालं. १९७५ नंतर व्हिएतनामहून आलेल्या निर्वासितांपैकी अनेकजण या किनाऱ्यावर स्थायिक झाले, कित्येक कोळंबीच्या बोटींवर गेले, आणि ह्यूस्टनच्या त्यांच्या हॉटेलांत उकडलेल्या क्रॉफिशवर भरपूर लसूण घातलेलं वितळलेलं लोणी ओतायची पद्धत रुजली. चवीला ती झकास आहे, मी आडून आडून दोनदा हात मारला. पण काकांच्या लेखी वरून काही ओतावं किंवा भुरभुरावं लागणं म्हणजे भांड्यातलं काम कच्चं राहिल्याची कबुली. ते काही बोलले नाहीत. त्यांनी फक्त आपली खुर्ची टेबलाच्या दुसऱ्या टोकाला नेली. त्यांचा सॉस वेगळा: मेयॉनेज, केचप, थोडं हॉर्सरॅडिश आणि वर टोनी सॅशरीजचा मसाला.

खेकडा कसा खायचा हे दाखवायची पाळी मग माझी होती, कारण ऑफिसातले उत्तरेकडचे दोन अमेरिकन हातात हातोडी घेऊन उभे. पोटाचा पट्टा उचकटायचा, पाठ उघडायची, दोन्ही बाजूंची करड्या रंगाची पिसांसारखी कल्ली काढून टाकायची, मधून मोडायचा. पिवळसर गर टाकायचा नाही, आणि मादीत केशरी लाख, म्हणजे आतली अंडी, निघाली तर ती शेजाऱ्याला दाखवायचीही नाही. माझ्या वाट्याला आली. पौर्णिमा आठवड्यावर असताना!

शाकाहारी पातेल्यातला लसूण सगळ्यात आधी संपला. गड्डा दाबला की मऊ, खारट-तिखट लसूण लोण्यासारखा पावावर येतो, आणि तो खायला मांसाहारी टेबलावरचे लोक रांगेत उभे राहिले. मश्रूम खाऊन एका काकूंच्या डोळ्यांतून पाणी आलं. त्यांनी पाणी मागितलं, मी सोलकढी दिली. तिखटाला नुसतं पाणी काही करत नाही, नारळाचं दूध करतं. पुढच्या अर्ध्या तासात तिचा जग रिकामा झाला आणि बिअर तशीच राहिली.

आवराआवर कुणी सांगत नाही, म्हणून लिहिते. ते मसाल्याचं पाणी हिरवळीवर ओतायचं नाही, एवढ्या मिठाने गवत जळतं. आम्ही गार झाल्यावर बकेटीने कुंपणाकडच्या खडीत, तणावर ओतलं. जुलैच्या उकाड्यात कवचं रात्रीतच कुजायला लागतात, आणि कचऱ्याची गाडी मंगळवारी. त्यामुळे ती दुहेरी पिशव्यांत बांधून गॅरेजमधल्या फ्रीजरमध्ये, आइस्क्रीमच्या शेजारी. कोळंबीची डोकी वेगळी ठेवली, त्यांचा रस दुसऱ्या दिवशी काढला. उरलेल्या खेकड्यांचं मांस कोरून, मक्याचे दाणे सुटे करून त्या रसात घातले, आणि शेवटी नारळ, त्रिफळं आणि चिंचेचं कोळ. मीठ अजिबात घालावं लागलं नाही. बटाटे इतके खारट होते की त्यांचा उपयोग कालवणात फक्त दोन घालण्यापुरता झाला. बाकीचे मी बिनमिठाच्या दह्यात कुस्करून कोशिंबीर केली. काकांना डबा पाठवला, तो धुऊन परत आला आणि आत एक ओळ लिहिलेली: फेब्रुवारीत क्रॉफिशची गोणी त्यांच्याकडून, भांडं आमचं.